फुटबॉलपटू बालोटेली जन्मला इटलीत, मग १८ वर्षांचा होईपर्यंत इटलीकडून का खेळला नाही?

कारण तोपर्यंत तो इटलीचा नागरिकच नव्हता. इटलीच्या १९९२ च्या कायद्यानुसार तिथे जन्मल्याने नागरिकत्व मिळत नाही. परदेशी आईवडिलांचं मूल १८ वर्षं सलग तिथेच राहिलं, तर पुढच्या वर्षभरात अर्ज करू शकतं. मारिओ बालोटेलीचा जन्म ऑगस्ट १९९० मध्ये पालेर्मोत, आईवडील घानाचे. लहानपणीच तो ब्रेशियाजवळच्या बालोटेली कुटुंबात वाढायला गेला. पण ते फक्त संगोपन होतं. रीतसर दत्तकविधान झालं असतं, तर नागरिकत्व तेव्हाच मिळालं असतं. या कागदापायी पोराची युवा संघातली वर्षं गेली, हे मला आजही खटकतं. २००७ मध्ये घानाने बोलावलं, तेव्हाही तो इटलीसाठी थांबला. ऑगस्ट २००८ मध्ये नागरिकत्व मिळालं, सप्टेंबरात २१ वर्षांखालील संघाकडून गोल केला. मुख्य संघात २०१० साली आला. युरो २०१२ या युरोपीय देशांच्या स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात जर्मनीविरुद्धचे दोन्ही गोल त्याचेच.

मात्र ही अडचण राष्ट्रीय संघापुरतीच. क्लबकडून खेळायला त्या देशाचं नागरिकत्व लागत नाही, म्हणून इटलीतल्या इंटर मिलान क्लबकडून तो २००७ पासूनच खेळत होता. पुढे मँचेस्टर सिटी, एसी मिलान, लिव्हरपूल, नीस, मार्सेय असा युरोपभर फिरला.