काळ्या मातीत स्लेटच्या लाद्यांची वाफ्याची कड: सिमेंट नको, खळगा नीट हवा

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. इंदूरला राजेंद्रनगरात घर, अंगणात खोलवर काळी माती. वाफ्याची कड 10 मीटर लांब, एका टोकाला वळलेली. हाताशी 60 बाय 30 सेंमीच्या, 20 मिमी जाड स्लेटच्या लाद्या आणि फरशीकामातून उरलेले 12 मिमीचे तुकडे. आधीची विटांची कड दोन पावसाळ्यांत बाहेर कलली, म्हणून आता खाली काँक्रीटची पट्टी ओतून लाद्या त्यात पक्क्या बसवाव्यात का, असं तुम्ही विचारलंत.

काँक्रीटची पट्टी ओतू नका. तुमच्या विटा कच्च्या होत्या म्हणून कलल्या नाहीत, खालची माती हलली म्हणून कलल्या. तीच माती 10 सेंमीची पट्टीही उचलेल, आणि पट्टी तडकली की तिला चिकटलेली लादीही तिच्याबरोबर तडकेल.

माळव्यातली काळी माती बेसाल्ट झिजून झालेली आहे. तिच्यातल्या माँटमोरिलोनाइट या चिकणखनिजाच्या थरांमध्ये पाणी शिरतं आणि माती फुगते, वाळली की आकसते. इंदूरचा जवळजवळ सगळा पाऊस जून ते सप्टेंबरमध्ये पडतो. म्हणजे मे महिन्यात बोट जाईल एवढ्या भेगा आणि ऑगस्टमध्ये तीच जमीन फुगून वर आलेली, हे दरवर्षी ठरलेलं. त्यात वाफ्याच्या बाजूला रोज पाणी आणि पायवाटेच्या बाजूला कोरडं, त्यामुळे कडेच्या दोन्ही अंगांची माती सारखी हलतच नाही. घराचा पाया या हलत्या थराच्या खाली नेता येतो, वाफ्याच्या कडेसाठी कोणी तेवढं खणणार नाही. म्हणून कड सुट्या तुकड्यांची ठेवायची, प्रत्येक लादीला एक-दोन मिलिमीटर हलायची मुभा द्यायची आणि तिच्याभोवती न फुगणारं साहित्य भरायचं. पुढचं सगळं याच हिशेबाने सांगतो.

तुमची माती किती फुगते ते घरीच पाहता येतं. माती वाळवून, कुटून, बारीक चाळणीतून काढा. 100 मिलिलिटरच्या दोन मोजनळ्यांत 10-10 ग्रॅम घाला. एकीत पाणी, दुसरीत रॉकेल भरा, ढवळून हवेचे बुडबुडे काढा आणि 24 तास ठेवा. रॉकेलमध्ये माती फुगत नाही. रॉकेलमधली माती 10 मिलिलिटरच्या खुणेला आणि पाण्यातली 17 ला आली, तर फुगवटा 70 टक्के. 50 टक्क्यांच्या आत असाल तर सैल हातानेही काम निभेल. 50 च्या वर गेलात तर खाली दिलेलं एकही माप कमी करू नका.

आता लाद्या. दुकानात काळ्या रंगाचं बरंच काही स्लेट म्हणून विकलं जातं. कडप्पा आणि कोटा हे दोन्ही चुनखडीचे दगड आहेत, स्लेट नव्हे. कोपऱ्यावर संडास साफ करायच्या अॅसिडचा एक थेंब टाका (हातमोजे घालून, नंतर भरपूर पाण्याने धुवा). जोरात फेस आला तर चुनखडी समजा. चुनखडीचीही कड होते, पण मग जाडी 25 ते 30 मिमी घ्या. खरी स्लेट निघाली तर प्रत्येक लादी दोन बोटांत लटकती धरून हातोडीच्या दांड्याने टिचकी मारा. खणखणीत नाद आला तर ठेवा. बद्द आवाज आला तर आतले थर सुटलेले आहेत, ती लादी उभी लावू नका. सोनेरी ठिपके दिसले तर ते बहुधा पायराइट, म्हणजे लोह-गंधकाचं खनिज असतं. ते ओलाव्यात गंजतं, तपकिरी ओघळ येतात आणि ठिपक्याभोवती पापुद्रा सुटतो. अशी लादी घ्यायचीच तर ती बाजू वाफ्याकडे, मातीच्या आत जाऊ द्या.

तुमच्या 20 मिमीच्या लाद्या उभ्या लावायला योग्य आहेत. एकीचं वजन साधारण 10 किलो, एकट्याला उचलून बसवता येते. सरळ लांबी धरली आणि 3 मिमीची फट ठेवली तर 10 मीटरला 17 लाद्या लागतात. तुटफूट धरून 19 ठेवा.

12 मिमीचे तुकडे मात्र उभे लावू नका. गवत कापायच्या यंत्राचा किंवा मुलांच्या चेंडूचा एक फटका बसला की ते मधूनच मोडतात. ते आडवे, एकावर एक रचून वापरता येतात, आणि खरं तर स्लेट अशीच जास्त टिकते. तिचे थर आडवे राहिले की वरून पाणी थरांत शिरत नाही. पण माल फार लागतो. 15 सेंमी रुंद तुकड्यांचे जमिनीवर 10 आणि जमिनीखाली 2 थर धरले तर 10 मीटरला 18 चौरस मीटर स्लेट जाते. उभ्या रचनेत 3 चौरस मीटरमध्ये भागतं. तुमच्याकडे उरलेले तुकडे आहेत, 18 चौरस मीटर नाहीत. म्हणून ते सांध्यांच्या मागे वापरू, कसे ते पुढे येतं.

खळगा हे या कामातलं सगळ्यात महत्त्वाचं अंग आहे. 30 सेंमीच्या लादीतली 18 सेंमी जमिनीत आणि 12 सेंमी वर. काळ्या मातीत निम्म्याहून कमी पुरलेली कड टिकत नाही. खळग्याची रुंदी 20 सेंमी. खोली सुरुवातीला 26 सेंमी, आणि शेवटच्या टोकाला 31, म्हणजे तळाला दर 2 मीटरला 1 सेंमी उतार मिळतो. हे माप सपाट अंगणासाठी आहे. अंगणालाच उतार असेल तर त्याच दिशेने न्या, खोली सारखी ठेवली तरी चालेल.

हा उतार बरेच जण सोडतात आणि तिथेच काम बिघडतं. चिकणमातीत खणलेला आणि गिट्टीने भरलेला खळगा पावसाळ्यात हौद होतो. गिट्टीतून पाणी झटकन खाली उतरतं, पण तळाच्या काळ्या मातीतून पुढे जात नाही. तळ दोन महिने भिजत राहतो, मऊ होतो आणि लाद्या खचून वेड्यावाकड्या होतात. म्हणून खालच्या टोकाला 50 मिमीचा पीव्हीसी पाइप द्या, त्याच्या आतल्या तोंडावर जाळी बांधा आणि पाइप सखल जागी किंवा नालीत सोडा. पाणी बाहेर काढायला जागाच नसेल तर गिट्टी भरूच नका. त्या जागी चांगला मुरूम ओलसर करून 5-5 सेंमीच्या थरांत धुमसाने ठोकून भरा. ठोकलेला मुरूम पाणी फारसं धरत नाही आणि फुगतही नाही. निचरा गिट्टीइतका होत नाही, पण हौद होण्यापेक्षा हे कितीतरी बरं.

खणायची वेळही पाहा. ऑक्टोबरअखेर ते डिसेंबर उत्तम. मुठीत माती दाबली तर गोळा व्हावा, पण हाताला चिकटू नये. मे महिन्यात भेगाळलेल्या जमिनीत कड बसवली तर पहिल्याच पावसात माती फुगून ती वर ढकलते. उन्हाळ्यातच करायचं असेल तर आठवडाभर आधीपासून त्या पट्ट्याला हळूहळू पाणी मुरवा.

खळग्यात आधी नॉन-वोव्हन जिओटेक्स्टाइल (पाणी जाऊ देणारं पण माती अडवणारं नमद्यासारखं कृत्रिम कापड) अंथरा, 150 ते 200 जीएसएमचं (चौरस मीटरला तेवढे ग्रॅम), 90 सेंमी रुंद. ते नसलं तर दोन-तीन वर्षांत बारीक माती गिट्टीत शिरते आणि सगळं पुन्हा काळी मातीच होतं. पोतं कुजतं, प्लास्टिकचा कागद पाणी अडवतो, हिरव्या शेडनेटमधून माती सरळ आत जाते. कापडावर 20 मिमी गिट्टी टाकून धुमसाने ठोका (मजुरांना दुरमुट सांगा), वर 2 सेंमी बारीक चुरी. सगळा थर वरच्या टोकाला 8 सेंमी, निचऱ्याच्या टोकाला 13 सेंमी होईल. ठोकून बसल्यावर आकारमान घटतं, म्हणून सुटा माल सव्वापट घ्या. तळासाठी साधारण 260 लिटर आणि लादीच्या दोन्ही बाजूंना भरायला 10 मिमी गिट्टी 290 लिटर, मिळून अर्ध्या घनमीटरहून किंचित जास्त. 15 लिटरच्या तगारीने मोजलं तर 36-37 तगाऱ्या. खणलेली माती सुटी होऊन 0.7 घनमीटर भरेल, ती कुठे टाकायची ते आधीच ठरवा.

लाद्या निचऱ्याच्या टोकाकडून बसवायला घ्या. जमिनीपासून 12 सेंमीवर सूत ताणा. लादी खळग्याच्या मध्यभागी नको. बाहेरच्या बाजूला 8 आणि वाफ्याच्या बाजूला 10 सेंमी जागा राहील अशी ठेवा. ती वाफ्याकडे किंचित कललेली हवी, 30 सेंमी उंचीत 1 सेंमी. आतली माती कायम बाहेर रेटत असते, त्यामुळे ओळंब्यात बसवलेली लादी वर्षभरात बाहेर झुकते. खाली बसवताना वर लाकडाचा तुकडा ठेवून रबरी हातोडीने ठोका. उभ्या स्लेटच्या डोक्यावर थेट घाव बसला की थर उघडतात. दोन लाद्यांत 3 मिमीचे टाइल स्पेसर ठेवा आणि नंतर काढून घ्या. त्या फटीत सिमेंट, सिलिकॉन काहीही भरू नका, ती फट हालचालीसाठीच आहे. फटीतून माती वाहू नये म्हणून प्रत्येक सांध्यामागे, वाफ्याच्या बाजूने, तुमच्या 12 मिमीच्या तुकड्यातून कापलेली 10 सेंमी रुंद, 30 सेंमी उंच पट्टी नुसती टेकवा. 17 लाद्यांना 16 पट्ट्या.

मग भराव. दोन्ही बाजूंना एकाच वेळी 5-6 सेंमी गिट्टी टाकत, लाकडी दांड्याने ठासत वर या. एक बाजू आधी पूर्ण भरली तर लादी सरकते. बाहेरची बाजू जास्त घट्ट ठासा, रेटा तीच अडवते. जमिनीच्या 5 सेंमी खाली थांबा, कापड दोन्हीकडून गिट्टीवर दुमडा आणि वर माती. वाफ्यातली माती लादीच्या माथ्याच्या 3 ते 4 सेंमी खाली ठेवा. काठोकाठ भरली तर पहिल्याच पावसात फुगून बाहेर सांडेल.

वळणावर रुंद लादी वापरू नका. त्रिज्या 1 मीटर असेल तर 15 सेंमी रुंद तुकडे घ्या. 20 मिमी जाडीला बाहेरच्या तोंडाला फट फक्त 3 मिमी वाढते. 30 सेंमीचा तुकडा लावला तर ती 6 मिमी वाढते आणि वळण कोनाकोनांचं दिसतं. तिथे मागच्या पट्ट्याही अरुंद लागतील, 6-7 सेंमीच्या. काटकोनी कोपऱ्यात लाद्या 45 अंशांत कापू नका, ती पातळ धार वर्षभरात तुटते. एक लादी दुसरीच्या टोकावरून पुढे न्या. कोपऱ्यात आधार हवाच असेल तर मागे 1:3:6 काँक्रीटचा (सिमेंट, वाळू, गिट्टी या प्रमाणात) सुटा ढेकूळ चालेल. तो जमिनीखालीच राहावा आणि शेजारच्या लादीला चिकटू नये, मध्ये कागद घाला.

कापण्याबद्दल थोडं कळकळीने सांगतो. ग्राइंडरला डायमंड ब्लेड लावून स्लेट कोरडी कापू नका. तिच्या धुळीत सिलिका असते. आपल्याच माळव्यात, मंदसौरला, स्लेट-पेन्सिलच्या कारखान्यांतल्या किती कामगारांची फुप्फुसं या धुळीने, सिलिकोसिसने, गेली. तो आजार बरा होत नाही. बाटलीच्या झाकणाला भोक पाडून कोणीतरी ब्लेडवर सतत पाणी सोडत राहावं, कापणाऱ्याने आणि शेजारच्यानेही एन95 मास्क आणि चष्मा लावावा, आणि पाण्यात यंत्र चालणार म्हणून जोडणी ईएलसीबी (वीज गळली की पुरवठा तोडणारा स्विच) असलेल्या बोर्डवरूनच घ्यावी. यंत्र टाळायचं असेल तर लादीला दोन्ही तोंडांवर 3-4 मिमी खोल चीर पाडा, चिरेखाली लोखंडी पाइप ठेवा आणि बाहेरचं टोक दाबा. 12 मिमीच्या तुकड्यांना हे छान जमतं, 20 मिमीला हात सवयीचा हवा. माथ्याची कडा कार्बोरंडम दगडाने ओली घासून बाहेरच्या बाजूला जरा उतरती करा. उभ्या स्लेटच्या माथ्यावर पाणी थांबलं तर ते थरांतूनच आत जातं. वर चकचकीत सीलर लावायचा मोह टाळा, आत अडकलेला ओलावा पापुद्रे सोडवतो.

वापरात एकच गोष्ट सांभाळायची आहे, आणि ती पाणी. ठिबकचा ड्रिपर कडेपासून निदान 20 सेंमी आत ठेवा. एका जागी नळी गळत राहिली तर तेवढीच माती फुगते आणि तिथलीच लादी वर येते. बोअरच्या कडक पाण्याने काळ्या दगडावर पांढरे डाग पडतात, ते दिसतात वाईट पण नुकसान करत नाहीत. जूनच्या सुरुवातीला निचऱ्याच्या पाइपचं तोंड मोकळं आहे का ते बघा. पहिल्या पावसाळ्यानंतर, ऑक्टोबरमध्ये, सूत पुन्हा ताणून पाहा. एखाददुसरी लादी 5 मिमीहून जास्त हललेली असेल तर तेवढीच काढा, चुरी सारखी करा आणि परत बसवा. कापडाखाली गिट्टी दबली असेल तर तीही तेव्हाच वाढवा.

वळणाची त्रिज्या आणि अंगणाचा उतार कुठल्या बाजूला आहे ते कळवलंत तर तुकड्यांचा आणि पाइपच्या जागेचा नेमका हिशेब करून देतो.