मुदतीआधीच ‘उद्यापासून येऊ नका’

प्रश्न : ताई, मी चार वर्षं एका कारखान्यात सीएनसी ऑपरेटर आहे. कंपनी दर वेळी अकरा महिन्यांचं पत्र देते, मग दोन-तीन दिवस ब्रेक, पुन्हा नवं पत्र. आताचं पत्र 31 मार्च 2026 पर्यंतचं. जानेवारीत एचआरचा फोन आला, ‘उद्यापासून येऊ नका.’ पत्रात दोन्ही बाजूंनी एक महिन्याची नोटीस लिहिलेली आहे. आता म्हणतात, राजीनाम्यावर सही करा, तरच फुल अँड फायनल (शेवटचा सगळा हिशेब) काढू. कंत्राटी माणसाला नोटीस लागत नाही, हे खरं का? दुसरीकडे काम धरलं तर हक्क जातो का?

उत्तर : आधी राजीनाम्याचं. सही करू नका. त्या कागदावर सही झाली की तुम्ही नोकरी स्वतःहून सोडली असा अर्थ निघतो, आणि पुढचे सगळे हक्क त्यातच अडकतात. केलेल्या कामाचा पगार राजीनाम्यासाठी अडवून धरता येत नाही. वेतन संहितेप्रमाणे कामावरून काढल्यापासून दोन कामकाजाच्या दिवसांत तो द्यावा लागतो.

‘कंत्राटी माणसाला नोटीस नाही’ हे वाक्य मी इतक्या पक्षकारांकडून ऐकलंय की आता चीड येते. त्यात अर्धंच खरं आहे. ठरलेली मुदत संपून नोकरी गेली तर कायदा तिला कामगार कपात मानत नाही. तुमची मुदत मात्र संपलेलीच नव्हती. 21 नोव्हेंबर 2025 पासून औद्योगिक संबंध संहिता लागू आहे. वर्षभर सलग सेवा झालेल्या कामगाराला कमी करायचं तर कारण लिहून एक महिन्याची लेखी नोटीस किंवा त्या महिन्याचा पगार, शिवाय दर पूर्ण वर्षामागे पंधरा दिवसांच्या सरासरी वेतनाची भरपाई द्यावी लागते. सहा महिन्यांहून जास्त भरलेलं अपुरं वर्षही त्यात पूर्ण धरतात. फोन म्हणजे नोटीस नव्हे.

ब्रेकची भीती बाळगू नका. आधीच्या बारा महिन्यांत 240 दिवस भरले की सेवा सलग धरतात, आणि त्यात पगारी सुट्ट्या व रविवारही येतात. सर्वोच्च न्यायालयाने 1985 मध्येच हे स्पष्ट केलंय. पण दिवस भरल्याचा पुरावा आधी कामगारालाच द्यावा लागतो. म्हणून चारही वर्षांची नेमणूकपत्रं, पगाराच्या स्लिपा आणि पीएफचं पासबुक आजच काढून ठेवा. फोन कोणाचा, कधी आला, ते लिहून एचआरला ईमेल करा : ‘मी कामावर यायला तयार आहे, मला तोंडी मनाई केली आहे.’ एवढं एक वाक्य पुढे फार उपयोगी पडतं.

आठवड्याभरात उत्तर आलं नाही, तर कामगार आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज द्या. तिथे समेट घडवण्याचा प्रयत्न होतो. 45 दिवसांत तोडगा निघाला नाही तर तुम्हाला थेट औद्योगिक न्यायाधिकरणाकडे (कामगारांचे वाद ऐकणाऱ्या न्यायालयाकडे) जाता येतं. काढल्यापासून दोन वर्षांची मुदत आहे, पण थांबू नका. काळ गेला की साक्षीदार पांगतात. मुदतीच्या नोकरीत एक वर्ष झालं असेल तर ग्रॅच्युइटीही आता मागता येते, पूर्वीसारखी पाच वर्षांची अट नाही.

पत्र ठेकेदाराच्या लेटरहेडवर असेल तर मात्र दावा आधी ठेकेदारावर लागतो, ते तपासून घ्या. हाच प्रश्न विचारणाऱ्या मॅनेजर मंडळींना हे संरक्षण नाही, आणि महिना 18,000 रुपयांहून जास्त पगाराच्या सुपरवायझरलाही नाही. त्यांनी करारातल्या नोटीसच्या कलमावर बोट ठेवून तेवढा पगार मागावा.

दुसरीकडे काम जरूर धरा, घर चालवायचंय. नोटीसचा पगार आणि भरपाई त्याने बुडत नाही. ‘पुन्हा कामावर घ्या आणि मधला पगार द्या’ असं मागितलंत, तरच नव्या कमाईचा हिशेब त्यातून वजा होऊ शकतो.