दोन घरं, एक पान

प्रिय सई,

शाळेत 'माझी दोन घरं' या विषयावर काम करायचंय, त्यात चित्र, आवाज आणि सादरीकरण तिन्ही हवं, तर आपल्याकडे असं काही असतं का, असं तू विचारलंस. असतं, आणि आपल्या कोकणातच. पिंगुळीची चित्रकथी.

पिंगुळी म्हणजे सिंधुदुर्गात कुडाळजवळचं गाव. तिथल्या ठाकर समाजानं ही कला पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली. सावंतवाडी संस्थानाचा तिला आश्रय होता. एका कथेच्या चित्रांचा संच म्हणजे पोथी. रामायण-महाभारतातल्या प्रसंगाचं चित्र समोर धरायचं आणि वीणा, टाळ आणि हुडुक (डमरूसारखं वाद्य) यांच्या साथीनं गात, बोलत कथा पुढे न्यायची. परशुराम गंगावणे यांनी तर घरच्या गोठ्याचं संग्रहालय केलं. २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

तुझ्या कामाची गोष्ट पोथीच्या पानात आहे. दोन कागद पाठीला पाठ लावून चिकटवले की एक पान, दोन्ही अंगांना चित्र. एका बाजूला आजीची पडवी, उलटलं की आपलं इथलं स्वयंपाकघर. मधे रेघ मारून अर्धं तिकडचं, अर्धं इकडचं असं एकच चित्र काढू नकोस. पान उलटताना जे सांगायचं, तेच त्यात हरवतं.

तीन पानं, म्हणजे सहा चित्रं पुरे. जाड कागद घे. चिंचोक्याची खळ इथे जमणार नाही, मैद्याची कर: दोन मोठे चमचे मैदा थोड्या गार पाण्यात गुठळी न ठेवता कालव, मग एक कप पाणी घालून मंद आचेवर सतत ढवळत शिजव. चकाकी आली की उतरव, पूर्ण गार होऊ दे. खळ दोन्ही कागदांना पातळ लाव. एकालाच लावलीस तर तोच ओलाव्यानं ताणतो आणि सुकताना पान वाकतं. मधून कडेकडे हात फिरवून हवा काढ, वर-खाली कोरा कागद ठेवून जड पुस्तकांखाली रात्रभर दाब. हीटरजवळ मुळीच ठेवू नकोस, कडा आधी सुकून उचलतात.

चित्रं चिकटवल्यावरच काढ, नाहीतर खळीच्या ओलीनं जलरंग फुटतात. काढण्याआधी पान एकदा उलटून बघ, दुसऱ्या बाजूचं डोकं वरच येतंय ना! चेहरे बाजूनं, डोळे मोठे, माणसं एकमेकांकडे बघणारी. आधी रंग भर, सुकला की काळी रेघ. मागचा देखावा भरू नकोस, तो बोलून दाखवायचा असतो.

बोलताना भाषा सारखी करू नकोस. आजी "इलंस काय गो?" म्हणते, तर तेच म्हण, वर्गाला अर्थ पुढच्या वाक्यात कळेल. हुडुक नसला तरी झांज चालेल. पान ठोक्यावर उलट, गाणं चालू असतानाच. थांबून उलटलंस तर कथा तुटते.

रामायणातली त्यांची चित्रं गिरवू नकोस, प्रसंग तुझेच असू देत. खाली 'पिंगुळीच्या ठाकर समाजाच्या चित्रकथीवरून' असं ठळक लिही. आणि पडवीतला झोपाळा कुठल्या बाजूला होता, ते रविवारी आजीलाच फोनवर विचार.

तुझी,
आई