धाडसी मोहिमा आणि शोधप्रवासांच्या इतिहासावरची पुस्तकं वाचायची आहेत, सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की या विषयावरचा एक जाडजूड 'समग्र इतिहास' आणलात आणि शंभरेक पानांत कंटाळलात, मग आता काय वाचू? कंटाळलात यात तुमचा काही दोष नाही. मीही अशाच ग्रंथापासून सुरुवात केली होती. कोलंबसला चार पानं, कुकला सहा, दोन्ही ध्रुवांना मिळून एक प्रकरण. कोण कधी कुठे पोहोचला ते समजतं, पण तिथवर जाताना त्याच्या पायमोज्यांचं काय झालं ते समजत नाही. आणि खरं सांगायचं तर या विषयातली सगळी गंमत पायमोज्यांतच आहे.

म्हणून माझा सल्ला असा: इतिहास बाजूला ठेवा, एकच मोहीम धरा आणि ती दोन माणसांच्या तोंडून ऐका. त्यातही मोहिमेच्या नेत्याचं पुस्तक आधी घेऊ नका. नेत्याला परत येऊन बऱ्याच जणांचं देणं फेडायचं असतं. पैसे देणारे असतात, देशाची अब्रू असते, पुढच्या मोहिमेची वर्गणी असते, मेलेल्यांच्या घरचे असतात. त्याच्या मागे दोरीला बांधलेला माणूस त्या मानाने मोकळा असतो.

या मागच्या माणसांत माझा सर्वांत लाडका म्हणजे ॲप्स्ली चेरी-गॅरर्ड. त्याचं 'द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड' 1922 साली आलं. रॉबर्ट स्कॉट या ब्रिटिश नौदल अधिकाऱ्याच्या दक्षिण ध्रुव मोहिमेत हा अगदी तरुण, चष्म्याशिवाय धड न दिसणारा गडी, एक हजार पौंडांची देणगी देऊन सामील झाला होता. नाव वाचून वाटतं की सर्वांत वाईट प्रवास म्हणजे स्कॉटचा ध्रुवाकडचा. तसं नाही. हा प्रवास त्याच्या आधीचा आहे, 1911 च्या जून-जुलैमधला, म्हणजे अंटार्क्टिकाच्या ऐन हिवाळ्यातला, चोवीस तास काळोख असतानाचा. मोहिमेतलेच विल्सन आणि बॉवर्स आणि हा, असे तिघे स्लेज ओढत एम्परर पेंग्विनची अंडी आणायला गेले. अंडी कशाला, तर गर्भाच्या वाढीत सरपटणाऱ्या प्राण्यांपासून पक्षी कसे झाले याचा माग लागेल, अशी त्या काळी समजूत होती.

तापमान उणे 60 अंश सेल्सियसच्या खाली गेलं. एकदा तंबूतून बाहेर येऊन त्याने सहज मान वर करून आजूबाजूला पाहिलं, तेवढ्या पंधराएक सेकंदांत घामाने ओले झालेले कपडे गोठून पत्र्यासारखे झाले. पुढचे चार तास त्याला मान वर करूनच स्लेज ओढावी लागली. त्यानंतर तिघेही बाहेर पडताक्षणी ओढायच्या पवित्र्यात वाकून उभे राहायला शिकले, म्हणजे गोठायचंच तर त्या आकारात गोठावं. वादळात तंबू उडून गेला. तंबू नाही म्हणजे मरण, हे तिघांनाही ठाऊक होतं. तो नंतर उतारावर सापडला, निव्वळ नशिबाने. पाच अंडी मिळाली होती, त्यातली दोन फुटली. उरलेली तीन गॅरर्डने पुढे लंडनच्या निसर्ग-इतिहास संग्रहालयात नेऊन दिली, तेव्हा तिथे त्याचं जे थंड स्वागत झालं त्याचं वर्णन त्याने इतक्या कोरड्या विनोदाने केलंय की हसावं की रडावं कळत नाही. त्या गर्भांचा अहवाल 1934 मध्ये निघाला. तोवर मूळ सिद्धान्तच मोडीत निघाला होता.

पण हे पुस्तक थोर आहे ते एवढ्यामुळे नाही. 1912 च्या मार्चमध्ये गॅरर्ड आणि कुत्र्यांची गाडी हाकणारा दिमित्री हे दोघे 'वन टन डेपो' या शिध्याच्या साठ्यापाशी स्कॉटची वाट बघत आठवडाभर थांबले आणि परतले. ध्रुवावरून परतताना स्कॉट, विल्सन आणि बॉवर्स त्याच महिन्याच्या अखेरीस त्या साठ्यापासून जेमतेम 20 किलोमीटरवर तंबूत मेले. नोव्हेंबरमध्ये तो तंबू शोधून काढणाऱ्या तुकडीत गॅरर्ड होता. म्हणजे अंड्यांच्या प्रवासातले त्याचे दोन्ही सोबती त्याला तिथे सापडले. आपण पुढे गेलो असतो तर? हा प्रश्न त्याला आयुष्यभर सुटला नाही, आणि पानापानाखाली तो वाहताना जाणवतो. स्वतःला माफ करण्यासाठी लिहिलेलं पुस्तक आहे हे, आणि त्याला ते जमलेलं नाही. म्हणूनच ते खरं वाटतं.

हे वाचून झालं की मग स्कॉटवरचं भांडण वाचा. रोलंड हंटफर्डने 1979 मध्ये 'स्कॉट अँड अमुंडसेन' (अमुंडसेन म्हणजे स्कॉटच्या आधी ध्रुव गाठणारा नॉर्वेचा गडी) लिहून स्कॉटची पार धूळधाण उडवली: अननुभवी, हट्टी, माणसांना मारणारा नेता. त्यावर सुझन सॉलोमन या वातावरणशास्त्रज्ञ बाईंनी 2001 मध्ये 'द कोल्डेस्ट मार्च' लिहिलं. ओझोनच्या छिद्रावरचं काम ज्यांचं, त्याच या. त्या भागातल्या स्वयंचलित हवामान केंद्रांच्या नोंदी मोहिमेच्या नोंदींशी ताडून त्यांनी दाखवलं की 1912 चा मार्च तिथल्या नेहमीच्या मार्चपेक्षा फारच थंड होता. मला विचाराल तर हंटफर्डची लेखणी जास्त धारदार आहे आणि सॉलोमनबाईंचा पुरावा जास्त भक्कम. पण दोन्ही वाचल्याशिवाय मत बनवू नका.

आणि अमुंडसेनचं स्वतःचं पुस्तक? ते वाचताना सहलीला गेल्यासारखं वाटतं. चार सोबती आणि 52 कुत्री घेऊन निघाला, 14 डिसेंबर 1911 ला ध्रुवावर पोहोचला, 99 दिवसांत 11 कुत्र्यांसह तळावर परत. बाकीची बरीचशी कुत्री ठरल्याप्रमाणे मारून माणसांना आणि उरलेल्या कुत्र्यांना खायला घातली. तयारी चोख असली की पुस्तक सपक होतं, हा या वाङ्मयाचा मोठाच अन्याय आहे. ज्याची फजिती झाली तो अजरामर!

दोन तोंडांची दुसरी मोहीम म्हणजे नेपाळमधल्या अन्नपूर्णा शिखरावरची फ्रेंच मोहीम. 3 जून 1950 ला मोहिमेचा नेता मोरिस एर्झोग आणि लुई लाशनाल शिखरावर पोहोचले. आठ हजार मीटरवरचं माणसाने चढलेलं ते पहिलं शिखर. उतरताना एर्झोगचे हातमोजे निसटून गेले. हिमदंशाने त्याची हातापायांची बोटं गेली, लाशनालच्या पायाची सगळी. एर्झोगने इस्पितळात पडल्या पडल्या पुस्तक सांगून लिहवलं. पुस्तक भारावलेलं आहे, वाचाच. मात्र इतर सदस्यांकडून पाच वर्षं काही प्रसिद्ध न करण्याचा करार आधीच करून घेतला होता, हे त्यात कळत नाही. लाशनाल 1955 मध्ये बर्फाच्या भेगेत पडून वारला. त्याच्या टिपणांची पुढच्या वर्षी निघालेली आवृत्ती एर्झोगच्याच भावाने कात्री लावून काढली, आणि मूळ मजकूर लोकांपुढे यायला 1996 उजाडलं. त्यात लाशनालचं म्हणणं साधं आहे. तो पेशाने वाटाड्या. पाय गोठताहेत हे त्याला कळत होतं आणि त्याला परत फिरायचं होतं. पण एर्झोग एकटा पुढे गेला तर परत येणार नाही, म्हणून तो सोबत गेला. एर्झोगच्या पानांवर जो दैवी साक्षात्कार आहे, तो लाशनालच्या पानांवर सोबत्याचा हेका आहे. फ्रेंच येत नसेल तर डेव्हिड रॉबर्ट्सच्या 'ट्रू समिट'मध्ये हा सगळा गुंता इंग्रजीत मिळेल.

जुन्यांपैकी एकच सांगते. पृथ्वीच्या पहिल्या प्रदक्षिणेला मॅगेलनबरोबर गेलेला अंतोनिओ पिगाफेत्ता. 1519 ला पाच जहाजं आणि सुमारे अडीचशे माणसं निघाली, 1522 ला 'व्हिक्टोरिया' या एकाच जहाजातून 18 परतली. पॅसिफिक ओलांडताना त्यांनी डोलकाठीच्या आडव्या वाशावरचं बैलाचं कातडं चार-पाच दिवस समुद्रात भिजवून खाल्लं, हे त्यानेच लिहून ठेवलंय. परतीच्या वाटेवर केप व्हर्डेला त्यांच्या हिशेबाने बुधवार होता आणि किनाऱ्यावरचे लोक गुरुवार म्हणत होते. पिगाफेत्ताने रोजनिशी एक दिवसही चुकवली नव्हती, त्यामुळे तो चक्रावून गेला. (पश्चिमेकडे जात पृथ्वीला फेरी घातली की एक दिवस गळतो.) एवढा काटेकोर माणूस, पण मॅगेलन मेल्यावर जहाज घरी आणणाऱ्या एल्कानोचं नावसुद्धा त्याने संपूर्ण वृत्तांतात घेतलेलं नाही. पटत नसावं दोघांचं! लिहिणाऱ्याच्या हातात केवढी सत्ता असते ते इथे दिसतं.

ज्यांनी लिहिलंच नाही, किंवा ज्यांचं लिहिलेलं कुणी मानलं नाही, त्यांच्यासाठी मात्र शोधून वाचावं लागतं. ब्रिटिश नौदलातल्या जॉन फ्रँकलिनची मोहीम 1845 मध्ये आर्क्टिकमध्ये गेली आणि 129 माणसं नाहीशी झाली. 1854 मध्ये जॉन रे या शोधप्रवाशाने तिथल्या मूळ रहिवासी इन्युइट लोकांकडून बातमी आणली की माणसं उपासमारीने मेली आणि शेवटी त्यांनी एकमेकांची प्रेतं खाल्ली. लंडनमध्ये गहजब झाला. खुद्द चार्ल्स डिकन्सने लेख लिहून इन्युइटांना खोटं ठरवलं. दीडेकशे वर्षांनी हाडांवर कापल्याच्या खुणा सापडल्या, आणि 2014 मध्ये मोहिमेचं 'एरेबस' जहाज समुद्रतळाशी सापडलं तेही इन्युइटांच्या तोंडी आठवणींनी दाखवलेल्या भागातच. डेव्हिड वुडमनने या साक्षी एकत्र करून 1991 मध्येच पुस्तक केलं होतं. ज्या किंग विल्यम बेटाच्या परिसरात ती माणसं तडफडून मेली, त्याच बेटावर अमुंडसेनने पुढे दोन हिवाळे काढले आणि तिथल्या नेटसिलिक या इन्युइट लोकांकडून कातड्याचे कपडे आणि कुत्र्यांची गाडी शिकून घेतली. वर सांगितलेली ती 'सहल' तिथून आली.

याच रांगेत किंथुप येतो. तिबेटमधली त्सांगपो आणि खालची ब्रह्मपुत्रा एकच का, हे ठरवायला भारतीय सर्वेक्षण विभागाने 1880 मध्ये एका लामाबरोबर याला पाठवलं. लामाने याला चक्क गुलाम म्हणून विकलं आणि तो पसार झाला. किंथुप पुढे निसटला, एका मठात आश्रयाला राहिला, आणि सुटका होऊन बसलेली असतानाही काम सोडलं नाही. खुणेचे 500 ओंडके तयार केले, अमुक दिवसांत रोज 50 नदीत सोडतो असं पत्र पाठवलं आणि ठरल्याप्रमाणे सोडलेही. पत्र पोहोचलं नाही. खाली नदीवर बघायला कुणी नव्हतं. चार वर्षांनी तो परतला, तेव्हा त्याच्या सांगण्यावर फारसा कुणी विश्वास ठेवला नाही. त्याला लिहिता येत नव्हतं, त्याचा वृत्तांत दुसऱ्याने उतरवलेला आहे. 1913 मधल्या मोहिमेने त्याचं वर्णन बव्हंशी बरोबर ठरवलं. त्याची आणि शंभर मण्यांच्या माळेवर पावलं मोजत ल्हासा गाठणाऱ्या नैनसिंग रावतांची हकिगत पीटर हॉपकर्कच्या 'ट्रेस्पासर्स ऑन द रूफ ऑफ द वर्ल्ड'मध्ये आहे. नैनसिंगांचं स्वतःचं लेखन हिंदीत वाचायचं असेल तर उमा भट्ट आणि शेखर पाठक यांनी संपादित केलेलं 'एशिया की पीठ पर' मिळवा.

एक सावधगिरी. या विषयात थापाही भरपूर आहेत. 'द लाँग वॉक' हे सायबेरियाच्या छावणीतून पळून हिमालय ओलांडल्याचं पुस्तक मी एका बैठकीत वाचलं होतं आणि भेटेल त्याला सांगत सुटले होते. 2006 मध्ये सोव्हिएत कागदपत्रं उजेडात आली, त्यात लेखकाला 1942 साली रीतसर सोडून दिल्याची नोंद निघाली. 'धोक्याच्या प्रवासासाठी माणसं हवीत, पगार थोडा' ही अंटार्क्टिकाला मोहिमा नेणाऱ्या शॅकल्टनची प्रसिद्ध जाहिरातही मूळ वर्तमानपत्रात आजवर कुणाला सापडलेली नाही.

शॅकल्टनचं नाव निघालंच आहे तर: तुम्हाला आत्ता हातातून खाली ठेवता येणार नाही असं काही हवं असेल, कंटाळ्यावर उतारा म्हणून, तर आल्फ्रेड लान्सिंगचं 'एन्ड्युरन्स' (1959) घ्या. शॅकल्टनच्या मोहिमेचं जहाज बर्फाने चिरडलं, 28 माणसं बर्फावर राहिली आणि सगळी जिवंत परतली. लान्सिंगने हयात असलेल्यांना भेटून आणि त्यांच्या रोजनिशा वाचून ते लिहिलं. दोन-तीन रात्रींचं काम आहे.

वाचताना नकाशा वेगळा जवळ ठेवा, पुस्तकातले बहुधा टपालाच्या तिकिटाएवढे असतात. जुन्या इंग्रजी पुस्तकांत 'इतके डिग्रीज ऑफ फ्रॉस्ट' असं येतं, ते म्हणजे 32 अंश फॅरनहाइटच्या खाली तेवढे अंश. मला हे कळेपर्यंत निम्मं पुस्तक संपलं होतं. आणि 'वर्स्ट जर्नी' घेतलंत तर पहिली कितीतरी पानं जहाजावरचीच आहेत. तिथे अडखळलात तर सरळ 'द विंटर जर्नी' या सातव्या प्रकरणावर उडी मारा. सुरुवातीची पानं नंतर वाचलीत तरी चालेल. मीही तसंच केलं होतं.