एनएफएलमध्ये (अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये) पूर्ण हंगामातला प्रत्येक सामना जिंकून विजेता ठरलेला संघ आहे का?

हो, पण एकच. 1972 चा मायामी डॉल्फिन्स. साखळीतले 14, प्लेऑफचे (बाद फेरीचे) 2 आणि सुपर बोल, म्हणजे अंतिम सामना, सगळे मिळून 17 पैकी 17 विजय.

गंमत म्हणजे त्यांचा मुख्य क्वार्टरबॅक (पास टाकून आक्रमण चालवणारा खेळाडू) बॉब ग्रीसी पाचव्याच सामन्यात पाय मोडून बाहेर बसला. त्याच्या जागी आला 38 वर्षांचा अर्ल मॉरल. प्रशिक्षक डॉन शुला त्याला बाल्टिमोरपासून ओळखत होते, म्हणूनच त्याला घेतलं होतं. खरी भिस्त मात्र पळून चेंडू पुढे नेण्यावर होती: लॅरी झोंका आणि मर्क्युरी मॉरिस या दोघांनीही हजार-हजार यार्ड काढले. एकाच संघातल्या दोघांनी असं करण्याची ती पहिलीच वेळ.

अंतिम सामन्यात वॉशिंग्टनवर 14-7 असा विजय. ते 7 गुणही किकर (चेंडूला लाथ मारून गुण मिळवणारा खेळाडू) गारो येप्रेमियनच्या कृपेने गेले! किक अडली, चेंडू हाती आला आणि पठ्ठ्याने पास टाकायला बघितलं. चेंडू हातातून निसटला, प्रतिस्पर्ध्याने झेलला आणि पळत जाऊन गुण काढले.

2007 च्या हंगामात न्यू इंग्लंड पॅट्रियट्सही या पराक्रमाच्या अगदी जवळ आले, पण सलग 18 जिंकून सुपर बोलमध्ये न्यूयॉर्क जायंट्सकडून 17-14 ने हरले.