शहराचा निर्देशांक आणि आपली पॉलिसी

डोंबिवलीत चौदा हजार भाड्याने राहणाऱ्या आणि परळला नोकरी करणाऱ्या एका वाचकाचे पत्र आहे. नाईट फ्रँक या मालमत्ता सल्लागार कंपनीच्या निर्देशांकानुसार मुंबईत घराचा हप्ता 2010 मध्ये कौटुंबिक उत्पन्नाच्या 93 टक्के होता, तो 2024 मध्ये 50 टक्क्यांवर आला. म्हणजे घरे आवाक्यात आली आहेत, तर भाव चढण्याआधी बदलापूरला बांधकाम चालू असलेला 45 लाखांचा फ्लॅट घ्यावा का, असे ते विचारतात. पती-पत्नीच्या हाती महिना 90 हजार येतात. 5 लाखांची ठेव आहे आणि, त्यांच्याच शब्दांत, आयुर्विम्याच्या ‘पॉलिसीत 6 लाख आहेत’.

प्रथम निर्देशांकाविषयी. तो 20 वर्षांचे, किमतीच्या 80 टक्के कर्ज गृहीत धरून सरासरी कुटुंबाचा हप्ता मोजतो. पन्नासच्या वर गेल्यास बँकाही कर्ज देताना हात आखडता घेतात, त्यामुळे 50 हा आकडा स्वस्ताईचा नसून उंबरठ्याचा आहे. त्याच वर्षी पुण्याचा आकडा 23 होता. मुंबईत नोकरी आणि घर यांत इतके अंतर का पडले, हे समजायला ही तुलना उपयोगी आहे. जीएसटीच्या नियमांत 2019 पासून महानगरांत ‘परवडणारे घर’ म्हणजे 45 लाखांपर्यंतचे, 60 चौरस मीटरपर्यंत चटई क्षेत्राचे (भिंतींच्या आतील वापरण्याजोग्या जागेचे) घर, आणि ही मर्यादा कुलाब्यापासून बदलापूरपर्यंत एकच आहे. त्या किमतीत कुटुंबाला पुरेसे घर शोधणारा माणूस आपोआप रेल्वेमार्गाच्या टोकाकडे सरकतो. सीएसएमटीपासून 68 किलोमीटरवरच्या बदलापूरला सकाळी फलाटावर जी गर्दी उभी असते, ती हप्ता आणि उत्पन्न यांच्या गुणोत्तरात कोठेच येत नाही. उद्या घर घ्यावे की परवा, हेही तो निर्देशांक सांगत नाही.

आता जे आपण विचारलेच नाही, त्याकडे वळतो. पॉलिसीत 6 लाख नाहीत. आपण 2 लाखांचे तीन वार्षिक हप्ते भरले आहेत आणि पत्रासोबत जोडलेल्या विमा कंपनीच्या उत्तरात आजचे सरेंडर मूल्य, म्हणजे पॉलिसी मुदतीआधी मोडल्यास परत मिळणारी रक्कम, 2 लाख 40 हजार लिहिले आहे. घरासाठी स्वतःचे 9 लाख, मुद्रांक शुल्क व नोंदणीचे सुमारे 3, आणि जीएसटी, सोसायटीची अनामत व किरकोळ खर्च धरून 13 लाख लागतील. पॉलिसी मोडली तरी आपल्याकडे सारे मिळून साडेसात आहेत, आणि तेही अडीअडचणीसाठी एक रुपया मागे न ठेवता.

पॉलिसी चालू ठेवून उरलेले 8 लाख वैयक्तिक कर्जातून उभे करण्याचा सल्ला, ज्यांनी पॉलिसी विकली त्याच बँकेतील गृहस्थांनी दिला आहे. साडेआठ टक्क्यांनी 36 लाखांचा हप्ता 31 हजार, म्हणजे उत्पन्नाच्या 35 टक्के. येथपर्यंत चित्र बरे दिसते. त्यात पॉलिसीचे महिन्याला पडणारे सुमारे 17 हजार मिळवले की 53 टक्के होतात, आणि तेरा टक्क्यांच्या, पाच वर्षांच्या वैयक्तिक कर्जाचे सुमारे 18 हजार धरल्यास 73.

‘24 लाख भरा, 46 लाख मिळतील’ असे आपणांस सांगितले गेले. हे 46 लाख बेनिफिट इलस्ट्रेशनच्या, म्हणजे पॉलिसीसोबत मिळणाऱ्या अंदाजी लाभांच्या तक्त्याच्या, 8 टक्क्यांच्या रकान्यातले आहेत, त्यांची हमी नाही, आणि ते विसाव्या वर्षी मिळाले तरी परतावा साडेचार टक्क्यांच्या आसपास पडतो. आठ टक्के हा कंपनीच्या गुंतवणुकीवरील गृहीत दर आहे, आपला नव्हे. विकणारा हा फरक सांगत नाही. बुडालेले विसरून आजपासून हिशेब मांडला तरी सहाच टक्के हाती लागतात, तेही तो रकाना खरा ठरला तर. त्यासाठी साडेआठ आणि तेरा टक्क्यांनी कर्ज काढायचे, याला मी नियोजन म्हणू शकत नाही. शिवाय विमा किती, तर 20 लाख. 36 लाखांच्या कर्जापुढे तोही अपुरा.

तेव्हा आधी एक कोटीचा टर्म इन्शुरन्स, म्हणजे केवळ मृत्यूनंतर रक्कम देणारा विमा, घ्यावा, तो हाती आल्यावर पॉलिसी सरेंडर करावी आणि सुटलेले 17 हजार दरमहा आवर्ती ठेवीत टाकावेत. तीन वर्षांत त्यांचे 6 लाखांहून अधिक होतील आणि वैयक्तिक कर्ज लागणार नाही. तोवर भाव वाढले तर घर लहान घ्यावे किंवा डोंबिवलीतच जुन्या इमारतीत पाहावे. चौथा हप्ता पुढच्या महिन्यात आहे. बँकेची स्वयंचलित वजावट त्याआधी लेखी अर्जाने थांबवावी आणि अर्जाच्या प्रतीवर शाखेचा शिक्का घ्यावा.