ओली कॉलर आणि ‘काही नाही’

*मावशी, जूनमध्ये आम्ही कोल्हापूरहून पुण्याला आलो. सासूबाई तिकडेच राहिल्या. मुलगी साडेसहा वर्षांची, पहिलीत आहे. रोज सकाळी शाळेची रिक्षा यायची वेळ झाली की पोट दुखतं म्हणते; रविवारी दुखत नाही. डॉक्टरांनी तपासलं, काही निघालं नाही. काय झालं विचारलं की ‘काही नाही’. युनिफॉर्मची कॉलर चावून ओली करते, धाकट्या भावाला चिमटे काढते. मी फ्रिजवर भावनांच्या चेहऱ्यांचा तक्ता लावलाय, ती रोज हसऱ्या चेहऱ्यावरच बोट ठेवते. हे म्हणतात, नाटकं आहेत, लक्ष देऊ नकोस. काय करू?*
*– एक आई, पुणे*

अगं, मी त्या तक्त्यापाशीच अडले. आई समोर उभी राहून विचारते, ‘आज कसं वाटतंय?’ आणि पोरीला पक्कं ठाऊक असतं की हसऱ्या चेहऱ्यावर बोट ठेवलं की आईच्या कपाळावरची आठी जाते. तुझा चेहरा तिला बरोबर वाचता येतो. स्वतःच्या आत काय चाललंय ते सांगताना मात्र गाडी अडते.

आधी पोटाचं. ते नाटक नाही. मेंदू आणि आतडी मज्जातंतूंनी जोडलेली असतात. ताण आला की आतड्यांची हालचाल बदलते आणि खरोखरच दुखतं. आपणही म्हणतोच की, पोटात गोळा आला, पोटात खड्डा पडला. आपण म्हटलं की वाक्प्रचार आणि पोरीने म्हटलं की नाटक, हा कुठला न्याय? (हा परिच्छेद नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखव.) तरी दुखण्याने रात्री झोपेतून उठायला लागली, उलट्या, ताप किंवा वजन घटणं असं काही दिसलं तर पुन्हा डॉक्टर गाठायचे.

भरतमुनींनी नाट्यशास्त्रात आठ सात्त्विक भाव सांगितलेत. घाम फुटणं, अंगावर काटा येणं, आवाज बदलणं, कापरं भरणं, चेहऱ्याचा रंग उडणं, डोळ्यांत पाणी येणं वगैरे. पोटदुखी त्यात नाही, पण त्यांना पहिलीतल्या पोरीला सकाळी सातला रिक्षात बसवायचं नव्हतं. मुद्दा एवढाच, की मनातलं आधी अंगावर उमटतं. म्हणून तूही तिथूनच सुरुवात कर.

‘काय झालं?’, ‘का रडतेस?’ हे प्रश्न थोडे दिवस बंद. साडेसहा वर्षांच्या पोरीला ‘का’चं उत्तर बहुधा ठाऊकच नसतं. त्याऐवजी दिसतंय ते सांग: ‘कॉलर तोंडात गेली बघ. खांदे पण वर चढलेत. पहिल्यांदा नव्या ऑफिसात गेले ना, तेव्हा माझ्याही छातीत धडधडत होतं.’ एवढं बोलून गप्प बसायचं. हे गप्प बसणं फार अवघड असतं, सांगून ठेवते. ती ‘नाही’ म्हणाली तर ‘बरं’ म्हणायचं. तू अंदाज केलास, निकाल नाही दिलास. मी एकदा माझ्या लेकाला मोठ्या तोऱ्यात सांगितलं होतं, ‘तुला राग आलाय.’ तो किंचाळला, ‘मला भूक लागलीय!’

आणि हे सकाळी घाईत करू नकोस. संध्याकाळी शेंगा सोलताना, वेणी घालताना बोल. समोरासमोर बसवलं की मुलांना चौकशी वाटते. पाठमोरं असलं की जीभ सुटते.

आता शब्द. तक्त्यावर चार-पाच चेहरे असतील. आपल्या घरात याहून किती शब्द आहेत! रुसणं वेगळं, हिरमुसणं वेगळं. बावरणं, ओशाळणं, खट्टू होणं, वैतागणं, हेवा वाटणं. तुझ्या लेकीला बहुतेक चुकल्या-चुकल्यासारखं वाटतंय, आणि त्याचा चेहरा कुठल्याच तक्त्यावर नसतो. हे शब्द तिला शिकवायला बसू नकोस. स्वतःबद्दल वापर, अंगासकट: ‘आज सगळ्यांसमोर माझी चूक निघाली, मी ओशाळले. कान असे गरम झाले!’ नवऱ्यालाही सांग, दिवसाकाठी असं एक वाक्य बोलायचं. बाबा घाबरतो हे कळलं की पोरीचा अर्धा भार उतरतो.

भावनेला नाव दिल्याने फरक पडतो का? 2007 साली अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ मॅथ्यू लीबरमन आणि सहकाऱ्यांनी मेंदूचं स्कॅनिंग करून पाहिलं. चिडलेले, घाबरलेले चेहरे बघताना त्या भावनेला शब्द दिला की मेंदूतल्या अमिग्डला या, धोक्याची चाहूल घेणाऱ्या भागाची खळबळ कमी झाली. प्रयोग मोठ्या माणसांवर होता, म्हणून जादूची अपेक्षा नको.

चिमट्यांचं मात्र तिथल्या तिथे. तिचा हात धर आणि म्हण, ‘तुला त्याचा हेवा वाटला असेल. वाटू दे. पण चिमटा काढू देणार नाही.’ विचार कर, ती रिक्षात बसते तेव्हा तो तुझ्या कडेवर असतो.

एक धोका सांगते. भावनेला छान नाव मिळालं म्हणून कारण शोधायचं राहून जाऊ नये. रिक्षात कोण शेजारी बसतं, मोठी मुलं चिडवतात का, शाळेतल्या बाथरूमला जायला घाबरते का, डबा कोणाबरोबर खाते, हे बाईंना आणि रिक्षावाल्या काकांना विचार. महिनाभरात काहीच फरक पडला नाही किंवा ती शाळेत जाईनाशीच झाली, तर बालमानसतज्ज्ञांकडे जा. 14416 या टेलिमानस नावाच्या, मानसिक आरोग्यासाठीच्या सरकारी हेल्पलाइनवर मराठीतही बोलता येतं, फुकट.

तक्ता काढून टाक, किंवा राहू दे. पण त्यावर आधी तू बोट ठेव, आणि हसऱ्या चेहऱ्यावर नको. आज रात्री सासूबाईंना फोन लाव आणि विचार, कोल्हापुरात ही रुसली की तुम्ही काय करायचात? मग फोन तिच्या हातात दे आणि तू स्वयंपाकघरात निघून जा.